माहितीपटाच्या कॅमेरामनची वाट

कॅमेरामन म्हटलं की आपल्याला आधी सिनेमा आठवतो. पण आपल्याकडे हा पेशा सुरू झाला तो खऱ्या घटना टिपण्यातून. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात लुमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचा खेळ झाला. ते वेड लागलेल्या हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, म्हणजे सावे दादांनी, इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनवरची कुस्ती चित्रित केली. १९०१ मध्ये केंब्रिजच्या गणित परीक्षेत पहिले येऊन परतलेल्या रँग्लर परांजप्यांचं मुंबईतलं स्वागतही त्यांनीच टिपलं. ‘राजा हरिश्चंद्र’ आला त्यानंतर १२ वर्षांनी, १९१३ मध्ये.

ब्रिटिश सरकारचा वार्तापट विभाग १९४६ मध्ये बंद पडला होता. त्यामुळे १५ ऑगस्ट १९४७ ची मध्यरात्र टिपायला सरकारकडे स्वतःचं पथकच नव्हतं. ते काम खासगी कॅमेरामननी केलं. आज आपण ती दृश्यं पाहतो ती त्यांच्यामुळे, आणि त्यांची नावं मात्र कुणाला ठाऊक नाहीत, याचं मला फार वाईट वाटतं. १९४८ मध्ये सरकारचा माहितीपट आणि वार्तापट काढणारा विभाग, फिल्म्स डिव्हिजन, उभा राहिला आणि या कामाला पगाराची नोकरी मिळाली. २ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं. १९७४ मध्ये टीव्हीचं प्रशिक्षणही दिल्लीहून पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात आलं.

या कॅमेरामनचे हात तयार झाले ते १६ एमएमवर, म्हणजे १६ मिलिमीटर रुंदीच्या फिल्मवर. ४०० फुटांचा रोल जेमतेम ११ मिनिटं चाले. तो संपला की काळी चेंजिंग बॅग, म्हणजे उजेड आत न येणारी पिशवी, मांडीवर घ्यायची, बाह्यांतून दोन्ही हात आत घालायचे आणि नजर समोरच्या माणसावर ठेवून नुसत्या बोटांनी नवी फिल्म मॅगझिनमध्ये, म्हणजे कॅमेऱ्याच्या फिल्मच्या डब्यात, भरायची. तेवढ्यात समोरच्या बाईच्या डोळ्यांत पाणी आलं, तर तो क्षण गेला. पुन्हा रडा, असं कुणाला सांगणार? म्हणून बटण कधी दाबायचं यापेक्षा कधी दाबायचं नाही, हे ही माणसं आधी शिकली.

मग फिल्मच्या जागी यू-मॅटिक ही व्हिडिओ कॅसेट आली. कॅमेरा एकाच्या खांद्यावर, रेकॉर्डर दुसऱ्याच्या, मध्ये केबल. गर्दीत दोघांनी जोडीनं पळायचं. १९८२ च्या बीटाकॅम या व्हिडिओ कॅमेऱ्यानं दोन्ही एकाच यंत्रात आणलं आणि केबल सुटली. बरोबर पळणारा तो दुसरा माणूसही हळूहळू युनिटमधून कमी झाला.