टोटोचा अभिनय आणि हाताचा इशारा

यवतमाळकडे तुरी-कपाशीच्या राखणीला रात्री जागलीवर जाणारा शेतकरी कुत्रा सोबत नेतो, आणि रानडुकरांची चाहूल लागली की तोंडाने शब्द न काढता नुसता धुऱ्याकडे हात करतो. कुत्रा त्याच दिशेने सुटतो. 'द विझार्ड ऑफ ऑझ' (१९३९) या चित्रपटात नायिका डोरोथीचा कुत्रा टोटो झालेल्या टेरी या लहानग्या कुत्रीचे काम याच कौशल्यावर उभे होते.

टेरी केर्न टेरियर जातीची होती, आणि मादी असूनही तिची भूमिका नराची होती. १९३४ सालीच ती शर्ली टेंपल या बालतारकेबरोबर पडद्यावर आली होती. मूकपटाच्या काळात प्रशिक्षकाला कॅमेऱ्यामागून ओरडून आज्ञा देता येत असे; बोलपट आल्यावर तो आवाजही ध्वनिमुद्रित होऊ लागला. त्यामुळे तिचे प्रशिक्षक कार्ल स्पिट्झ हाताच्या खुणांवर भर देत. सायकलवरच्या टोपलीतून उडी मारून घराकडे धावण्यासारखा प्रसंग कुत्र्याला एकसंध शिकवता येत नाही. आधी डोके वर काढणे, मग उडी, मग धाव, असे तुकडे पाडावे लागतात आणि प्रत्येक तुकडा जमला त्याच क्षणी खाऊ द्यावा लागतो. खाऊ थोडा जरी उशिरा मिळाला, तरी कुत्रा त्याचा संबंध भलत्याच हालचालीशी जोडतो.

काम सुखाचे नव्हते. टेक्निकलर या रंगीत चित्रणाच्या पद्धतीला लागणाऱ्या प्रखर दिव्यांनी सेटवरचे तापमान ३८ अंशांपलीकडे जाई, आणि कुत्र्याला घाम जवळजवळ फक्त पंजांतूनच येत असल्याने त्याची सारी भिस्त धापा टाकण्यावर असते. नागपूरच्या मे महिन्यात टपरीच्या सावलीत जीभ बाहेर काढून बसलेला कुत्रा हेच करत असतो. शिवाय एका नटाचा पाय पडून टेरी जखमी झाली आणि काही काळ तिच्या जागी दुसरी कुत्री उभी करावी लागली. गंमत म्हणजे डोरोथीच्या ज्या लाल चपलांसाठी एवढा उजेड केला, त्यांचा लाल रंग तिला दिसतच नव्हता. कुत्र्यांना निळा आणि पिवळा एवढेच रंग नीट ओळखता येतात.

हाताची खूण समजण्याला मात्र उंची जात लागत नाही. कोलकात्याच्या आयसर या विज्ञान शिक्षण व संशोधन संस्थेतील अनिंदिता भद्र आणि सहकाऱ्यांनी रस्त्यावरच्या कुत्र्यांना दोन भांडी दाखवून एकाकडे बोट केले, तेव्हा जवळ आलेल्या कुत्र्यांपैकी सुमारे ८० टक्के कुत्री कोणत्याही प्रशिक्षणाशिवाय त्याच भांड्याकडे गेली. सुमारे निम्मी कुत्री मात्र जवळ आलीच नाहीत, आणि मला हा आकडा अधिक बोलका वाटतो. अनोळखी माणसांच्या गर्दीत न बुजणे ही पडद्यावरच्या कुत्र्याची पहिली गरज आहे, आणि दगड खाऊन वाढलेल्या गावकुत्र्याकडे नेमकी तीच गोष्ट कमी असते.