‘नादचक्की’ची पार्श्वभूमी

आमच्या नववीच्या मुलांनी यंदाच्या स्नेहसंमेलनासाठी ‘नादचक्की’ ही नाटिका स्वतः रचली आहे. त्यातलं गाव बालाघाटाच्या डोंगरातलं, नकाशात न सापडणारं. शेतीची लाईट मध्यरात्री येते, माणसं बॅटरी घेऊन विंचूकाट्यात दाऱ्यावर जातात. मग एक मुलगी शोध लावते: देवळात सप्ताह चालू असताना टाळ-मृदंगाच्या घोषावर एक चाक फिरतं आणि बारवेतलं पाणी आपोआप वर येतं. मुलांना हे सुचलं याचा मला फार आनंद झाला. ही कल्पना दीडशे वर्षं जुनी आहे, आणि तिचा प्रवास कळला तर नाटिका जास्त रंगेल, म्हणून हे लिहितो आहे.

आवाजात जोर असतो हे आपल्याकडे कुणाला शिकवावं लागत नाही. वरातीतला डीजे गल्लीत शिरला की पत्रे थरथरतात. मांडणीवरची एखादीच वाटी किणकिणते, शेजारच्या गप्प असतात. त्या वाटीची स्वतःची कंपनाची गती आणि बाहेरच्या सुराची गती जुळली, की होतो तो अनुनाद. पंचमीच्या झोक्यासारखंच हे. बरोबर वेळेला बारीकसा रेटा देत राहिलं की झोका लिंबाच्या फांदीपर्यंत जातो. पण ते बळ रेटा देणाऱ्या हाताचं असतं, एकावर एक साठत गेलेलं. अनुनाद ते साठवतो, नव्याने निर्माण करत नाही. पुढचा सगळा घोळ इथूनच सुरू झाला.

1831 साली इंग्लंडमध्ये मँचेस्टरजवळचा ब्रॉटनचा झुलता पूल सैनिकांच्या एका तालातल्या पावलांखाली कोसळला. त्यानंतर पुलावरून जाताना सैनिकांनी पाऊल मोडून चालायचं, अशी रीत पडली. त्याच वर्षी शास्त्रज्ञ मायकल फॅरडेने हलत्या चुंबकातून वीज काढून दाखवली. कंपनाने पूल पडतो आणि हालचालीतून वीज मिळते, मग सुरातून इंजिन का चालू नये?

फिलाडेल्फियाच्या जॉन किलीने हाच प्रश्न विकला. 1870 च्या दशकापासून तो लोकांना यंत्रं दाखवायचा: ट्यूनिंग फोर्क (एकच सूर देणारा पोलादी चिमटा) वाजवायचा, व्हायोलिन छेडायचा, आणि लोखंडी गोळे फिरू लागायचे. ‘सहानुभूतीची कंपनं’ हा त्याचा आवडता शब्द. त्याच्या नावाने कंपनी निघाली, लोकांनी शेअर घेतले, क्लारा ब्लूमफील्ड-मूर या श्रीमंत विधवेने वर्षानुवर्षं पैसा पुरवला. 1888 साली थिऑसॉफी या गूढवादी चळवळीच्या संस्थापकांपैकी एक, ब्लाव्हाट्स्की यांनी आपल्या ग्रंथात किलीच्या शक्तीची चर्चा केली. थिऑसॉफीची मंडळी तेव्हा भारतात येऊन स्थिरावली होती. ‘नादात अफाट ऊर्जा आहे’ हे बोलणं आज संस्कृत शब्दांच्या पोशाखात कानावर येतं, तेव्हा त्यात किलीचाही थोडा वाटा असतो, असं मला वाटतं.

1898 मध्ये किली वारला. त्याची कार्यशाळा उघडून पाहिली, तर तळघरात सुमारे तीन टनांचा पोलादी गोळा निघाला. दाबलेली हवा साठवायची टाकी असावी, तशी. फरशीखाली नळ्या होत्या, आणि भरीव म्हणून दाखवलेल्या काही तारा आतून पोकळ होत्या. म्हणजे वर सूर वाजत होते आणि काम खालची हवा करत होती.

मुलांनी मला थेट विचारलं, “सर, सप्ताहाच्या आवाजावर पाच एचपीची मोटर चालेल का?” आम्ही फळ्यावर हिशोब मांडला. कान दुखायला लावणारा 120 डेसिबलचा आवाज एका चौरस मीटरवर फक्त 1 वॅट देतो. साधं बोलणं 60 डेसिबलचं, त्यात याच्या दहा लाखावा भाग. पाच एचपी म्हणजे साधारण 3,730 वॅट. एक कणही वाया न घालवता तेवढा आवाज वेचायचा, तर 37 गुंठ्यांचा पडदा लागेल, आणि त्याच्या प्रत्येक मीटरवर कान फाटेल इतका गोंगाट. वर्गात दोन मिनिटं कुणी बोललं नाही.

सहलीत पाहिलेल्या पाणचक्कीची आठवण तेव्हा एका मुलीनेच काढली. छत्रपती संभाजीनगरला बाबा शाह मुसाफिरांच्या दर्ग्याजवळ नहरीचं पाणी उंचावरून पडतं, त्याचा आवाज आवारभर घुमतो. ती म्हणाली, “चक्की आवाजावर नव्हती चालत, पाण्याच्या पडण्यावर चालायची. आवाज म्हणजे सांडलेलं.” इतकं नेमकं मला सांगता आलं नसतं.

आवाजातून वीज मिळते, हेही खरंच आहे. बेलच्या 1876 च्या टेलिफोनमध्ये बोलणाऱ्याच्या आवाजानेच पडदा हलून तारेत प्रवाह निर्माण व्हायचा, आणि बॅटरीशिवायचे तसले फोन पुढे जहाजांवर वापरात राहिले. 1880 मध्ये क्युरी बंधूंना दाबल्यावर वीज देणारे स्फटिक सापडले. गॅस पेटवायच्या काही लायटरमधली ‘टक्’ ही त्याच गुणाची.

मला सगळ्यात जवळची वाटते ती 1859 मधली राइकेची नळी. दोन्ही तोंडं उघडी असलेल्या उभ्या नळीत खालच्या बाजूला तापलेली जाळी ठेवली की नळी गाऊ लागते. पुढे हेच तत्त्व वाढवत नेऊन 1999 मध्ये अमेरिकेतल्या लॉस अलामोसच्या प्रयोगशाळेत उष्णतेचं ध्वनीत रूपांतर करणारं इंजिन झालं. दिलेल्या उष्णतेतला जवळपास 30 टक्के भाग त्यात आवाजाच्या रूपाने हाती आला. सरपण उष्णतेचं, आवाज फक्त ते बळ वाहून नेतो.

मुलांनी शेवटचा प्रवेश बदलला आहे. आता चाकाखाली पऱ्हाट्यांची चूल आहे आणि वर नळी. तालमीसाठी आम्ही लोखंडी पाईपचा हातभर तुकडा आणला, चहाच्या गाळणीची स्टीलची जाळी त्यात खालून चौथ्या भागावर बसवली आणि शेगडीवर लाल होऊ दिली. ज्योतीवरून उचलताच पाईप शंखासारखा हुंकारला. वर्गप्रमुखाने चिमट्यात धरलेला पाईप आडवा केला, आवाज थांबला. उभा केला, पुन्हा सुरू झाला. जाळी काळी पडेपर्यंत तो हेच करत राहिला.