एकच खूण, पण वाचायची कशी ते शेजारी ठरवणार

क्युनिफॉर्म, म्हणजे प्राचीन इराकमधली खिळ्यांसारखी दिसणारी लिपी, म्हटलं की ओल्या मातीच्या पाटीवर बोरूने टोचलेले खिळे डोळ्यासमोर येतात, आणि आपल्याला वाटतं की असेल एखादी बाराखडी, पाठ केली की झालं. तसं अजिबात नाहीये. यातली एकच खूण घेऊ, अभ्यासक तिला 'अन्' म्हणतात.

मुळात हे चांदणीचं चित्र. सुमेरियन लोक, म्हणजे ही लिपी आधी वापरणारे दक्षिण इराकमधले लोक, त्याचा 'अन' म्हणजे आकाश असाही अर्थ घ्यायचे आणि 'दिंगिर' म्हणजे देव असाही. पुढे ही लिपी अक्कदी भाषेसाठी वापरायला लागले, आणि खरी गंमत इथेच सुरू होते, कारण अक्कदी ही अरबी-हिब्रूच्या गोतावळ्यातली सेमिटिक भाषा, सुमेरियनशी तिचं काही नातंच नाही. तिच्यात आकाश म्हणजे 'शमू' आणि देव म्हणजे 'इलु'. मग खूण तीच ठेवली आणि वाचताना आपला शब्द म्हणायचा. आपण ५ हा आकडा बघून पाच म्हणतो आणि तोच बघून कानडी माणूस ऐदु म्हणतो, तसंच. पण जुना सुमेरियन उच्चारही सोडला नाही, 'अन्नीतम' (म्हणजे 'ही') असा शब्द लिहायचा तर पहिल्या 'अन्'साठी हीच खूण, तिथे ना देव ना आकाश, नुसता आवाज!

बॅबिलोनचा राजा हम्मुराबी याचा कायदा कोरलेला तो काळा उंच दगड 1901-02 च्या सुमारास इराणमधल्या सुसा इथे सापडला, आता पॅरिसच्या लुव्र म्युझियममध्ये आहे. त्याची सुरुवातच बघा, "जेव्हा थोर अनू, अनुन्नाकींचा राजा, आणि एन्लिल, आकाश आणि पृथ्वीचा स्वामी..." यात अनू या देवाचं नाव म्हणून आपली खूण एकटी येते. मग अनुन्नाकींच्या आधी आणि एन्लिलच्या आधी परत तीच, पण तिथे तिचा उच्चार करायचा नाही, ती फक्त सांगते की पुढे येतंय ते देवाचं नाव आहे. आणि ज्या आकाशासाठी ही खूण मुळात जन्माला आली, ते मात्र कोरणाऱ्याने चक्क शा-मे-ए ('शमू'चंच 'आकाशाचा' अशा अर्थाचं रूप) असं फोडून लिहिलंय. म्हणजे एकाच वाक्यात इतकी कामं, आणि तिचं मूळ काम सोडून!

मग वाचणाऱ्याला कळायचं कसं? आजूबाजूला बघून. खुणेनंतर 'ए' जोडलेला असेल तर 'शमे' वाचायचं, 'लुम' असेल तर 'इलुम', म्हणजे देव. अनेकवचनाची 'मेश' ही खूण लागली तर बरेच देव. काही जोड्या मात्र सरळ पाठच कराव्या लागतात, 'अन-ना' म्हणजे कथील, 'अन-बार' म्हणजे लोखंड. बॅबिलोनचं नाव तर 'का-दिंगिर-रा' असं सुमेरियनमध्ये लिहायचे आणि वाचायचे अक्कदीत, बाब-इलिम, देवाचं दार. मला विचाराल तर हे लिहिणाऱ्याच्या सोयीचं जास्त आणि वाचणाऱ्याच्या कमी, पण त्यांनी दोन हजार वर्षांहून जास्त काळ आरामात चालवलं.

या न उच्चारायच्या खुणेत राजकारण पण होतं बरं का. अक्कदचा राजा नरामसिन, सार्गोनचा नातू, इ.स.पू. 23 व्या शतकातला, त्याने हीच खूण स्वतःच्या नावाआधी लावून घेतली, म्हणजे राजेसाहेब जिवंतपणीच देव. आजोबांनी एवढं मोठं राज्य उभं केलं पण हे केलं नव्हतं. इराकमधल्या बासेत्की इथे सापडलेल्या तांब्याच्या पुतळ्यावरच्या लेखात तर म्हटलंय की शहरातल्या लोकांनीच देवांकडे मागणी केली की याला आमच्या शहराचा देव करा, आणि त्याचं देऊळ बांधलं. लोकांनी खरंच मागणी केली का, ते सांगणारा लेख राजाचाच आहे, तेव्हा काय ते समजा.

एका खुणेचे इतके उच्चार म्हटल्यावर 19 व्या शतकात बऱ्याच लोकांना वाटायचं की हे पंडित मनाला येईल ते वाचतायत. शेवटी 1857 मध्ये लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीने परीक्षाच घेतली, अश्शूरचा राजा तिग्लथ-पिलेसर पहिला याचा एक लेख रॉलिन्सन, हिंक्स, टॅल्बट आणि ओपर्ट या चौघांनी वेगवेगळा वाचून बंद पाकिटात पाठवायचा. पाकिटं फोडली, तपशिलात फरक होते, पण मजकूर चौघांचा बराचसा जुळत होता.