निखाऱ्यावरचे मटण (कोल्हापूर)

मांसाचे लहान तुकडे सळईत ओवून किंवा लोखंडी जाळीवर मांडून थेट निखाऱ्यांच्या धगीवर भाजण्याची पद्धत. रस्सा चुलीवर रटरटत असतो, भाकऱ्या व्हायच्या असतात, आणि भूक तर लागलेली असते, अशा वेळी हातात घेऊन खायचा हा पदार्थ आहे. अमेरिका, युरोप व न्यूझीलंडमध्ये जेवणाआधीच्या अशा तुकड्यांसाठी हरणाचे मांस आवडीने वापरतात. संस्थानी काळात शिकारीमुळे कोल्हापूरलाही हे मांस अनोळखी नव्हते. आज भारतात ते कायद्याने निषिद्ध आहे आणि कोल्हापूरच्या निखाऱ्यावर येते ते बोकडाचेच. या नोंदीत दोन्हींचा एकत्र विचार केला आहे, कारण भाजण्याच्या दृष्टीने हरणाच्या मांसाला सर्वांत जवळचे मांस बोकडाचेच आहे.

या पद्धतीला आपल्याकडे फार जुना शब्द आहे. पाणिनीने ‘शूलोखाद्यत्’ या सूत्रात दोन शब्द शेजारी शेजारी सिद्ध केले आहेत : शूलावर, म्हणजे सळईवर, भाजलेले ते ‘शूल्य’ आणि उखेत, म्हणजे हंडीत, शिजवलेले ते ‘उख्य’. कोल्हापूरचे नाव झाले ते उख्यामुळे. तांबडा आणि पांढरा रस्सा सगळ्या महाराष्ट्राला ठाऊक आहे. शूल्य मात्र घराच्या मागल्या अंगणात आणि शेतातल्या बांधावर राहिले. बाराव्या शतकात कल्याणीच्या चालुक्य घराण्यातील तिसऱ्या सोमेश्वराच्या ‘मानसोल्लास’ या ग्रंथात मृगयेचे सविस्तर वर्णन आहे आणि राजाच्या भोजनाच्या भागात भाजलेल्या मांसाचे प्रकारही आहेत. त्या काळी कोल्हापूरचे शिलाहार चालुक्यांचे मांडलिक होते, त्यामुळे हा ग्रंथ आपल्याला परका नाही. शिकारीला ‘मृगया’ म्हणायचे आणि मृग म्हणजे हरण. तिकडे हरणाच्या मांसासाठीचा ‘व्हेनिसन’ हा इंग्रजी शब्दही शिकार करणे या अर्थाच्या लॅटिन क्रियापदावरून आला. दोन्हीकडे जनावराचे नाव आणि शिकारीचे नाव एकमेकांत गुंतलेले दिसते.

कोल्हापूर संस्थानात शिकार हा दरबारी जीवनाचा मोठा भाग होता. राजर्षी शाहू महाराज (कारकीर्द १८९४–१९२२) स्वतः निष्णात शिकारी होते. माळावर पाळीव चित्ते सोडून काळवीट धरण्याची रीत येथे विसाव्या शतकातही चालू होती. देशी चित्ते मिळेनासे झाल्यावर कोल्हापूरने आफ्रिकेतून चित्ते आणवले. त्यांना सांभाळणारे ते चित्तेवान. चित्त्याच्या डोळ्यांवर टोपी घालून त्याला गाडीतून कळपाजवळ नेत, टोपी काढत, आणि पुढचा सगळा खेळ काही क्षणांत आटपे. काळवीट हे शास्त्राच्या दृष्टीने हरीण नव्हे, कुरंग आहे : त्याची शिंगे आयुष्यभर टिकतात, तर सांबर-चितळाची दर वर्षी गळून नवी येतात. बोलण्यात मात्र आपण सगळ्यांनाच हरण म्हणतो.

घाटमाथ्यावरचे दाजीपूरचे जंगल हे छत्रपतींचे राखीव शिकारीचे रान. १९५८ साली ते गव्यांसाठी अभयारण्य झाले आणि १९८५ मध्ये राधानगरी अभयारण्य म्हणून त्याचा विस्तार ३५१ चौ.किमी.वर गेला. पश्चिम घाटाच्या जागतिक वारसा यादीत २०१२ मध्ये त्याचा समावेश झाला. गव्याबरोबर सांबर, भेकर आणि सशाएवढी पिसोरी तिथे आजही आहेत. वन्यजीव (संरक्षण) कायदा, १९७२ च्या कलम ९ नुसार शिकारीला मनाई आहे, आणि मारलेले वन्य जनावर व त्याचे मांस ही कलम ३९ नुसार सरकारची मालमत्ता ठरते. म्हणजे गोळी घालणाराच नव्हे, तर मांस घेणारा, बाळगणाराही अडकतो. अभयारण्यातल्या शिकारीला ३ ते ७ वर्षांची कैद आहे. तरीही ‘भेकराचं आलंय, बघताय का?’ अशी कुजबुज कधी कानावर येते. ती तिथेच थांबवावी. पिसोरीचे वजन जेमतेम तीन-चार किलो असते. तिच्यावर डोळा ठेवावा असे काहीही कोल्हापूरच्या ताटात कमी नाही.

आता मांसाचा स्वभाव पाहू. रानातले हरण सतत चालते, धावते, पाला-गवत खाते. त्यामुळे त्याच्या स्नायूंत चरबी अगदी थोडी असते आणि प्राणवायू साठवणारे मायोग्लोबिन भरपूर असते. म्हणून ते मांस गडद, जवळजवळ जांभळट लाल दिसते. निखाऱ्यावर चरबी वितळून मांसाला ओले ठेवते. इथे चरबीच नसल्याने मिनिटभर जास्त झाले तरी तुकडा चामड्यासारखा होतो. परदेशी स्वयंपाकी म्हणूनच पाठीच्या कण्यालगतची लांबट मऊ पट्टी निवडतात आणि तिच्यावरचा चंदेरी पापुद्रा सुरीने सोलतात. हा पापुद्रा भाजताना वितळत नाही, आकसतो आणि तुकडा वाकडा करतो. अमेरिकेतला लोकप्रिय प्रकार असा : पट्टीचे घासभर तुकडे, त्यावर हालापेन्यो मिरचीची फाक आणि मऊ चीज, आणि सगळ्याभोवती डुकराच्या मांसाची खारवलेली पातळ पट्टी गुंडाळून काडी टोचायची. बाहेरच्या पट्टीची चरबी आतल्या कोरड्या मांसाला पाझरते. तिथे आतून गुलाबी ठेवण्याची आवड आहे. पण अमेरिकेच्या अन्नसुरक्षेच्या नियमांप्रमाणे सबंध तुकड्याच्या मध्यभागी ६३ अंश सेल्सिअस तापमान यावे आणि नंतर तीन मिनिटे तो तसाच ठेवावा. खिम्यासाठी हेच ७१ अंश. न्यूझीलंडमध्ये १९७० च्या दशकापासून तांबडी हरणे शेतीसारखी पाळली जातात आणि तिथले मांस जगभर जाते.

बोकडाचे गणितही असेच आहे. त्याची चरबीही स्नायूंच्या आत फारशी नसते, बाजूला साचते. फरक एवढाच की ती वेगळी मिळते. खाटकाला ‘थोडी चरबी टाका’ म्हटले की तो टाकतो, आणि कोल्हापुरात खाटकाशी बोलल्याशिवाय मटण घेणारा माणूस विरळा. मान, नळी, सीना यांतले चिवट तंतू मऊ व्हायला पाणी आणि वेळ लागतो, ते रश्शाचे. जाळीसाठी मांडीचा किंवा पाठीचा बिनहाडाचा कोवळा भाग घ्यावा, इंचभराचे तुकडे करावेत, पापुद्रा काढावा. दोन तुकड्यांच्या मध्ये चरबीचा एक लहान तुकडा ओवला की काम झाले. पोटातल्या चरबीची पातळ जाळी मिळाली तर तिच्यात तुकडा आणि हिरव्या मिरचीची फाक गुंडाळून अमेरिकी प्रकाराच्या तोडीचा घास जमतो, आणि चवीला माझ्या मते त्याहून सरस.

वाटणात आले, लसूण, मीठ, हळद, लिंबू आणि थोडे दही. कच्ची पपई घालायची तर किलोला दोन चमचे किसून, आणि तासाभराच्या आत तुकडे जाळीवर जायला हवेत. तिच्यातले पॅपेन मांसाचे तंतू तोडते, रात्रभर ठेवले तर मांसाचा लगदा होतो. सगळ्यांत मोठी चूक होते ती कांदा-लसूण मसाल्याची, म्हणजे आपल्या घरच्या चटणीची. तिच्यात कांदा, सुके खोबरे, तीळ आधीच भाजून घातलेले असतात. रश्शात ती फुलते, निखाऱ्यावर ती करपते आणि कडू होते. म्हणून चटणी तेलात कालवून ठेवावी आणि तुकडा उतरवायच्या आधी मिनिटभर फडक्याने किंवा कांद्याच्या अर्ध्या फाकेने वर चोपडावी. तिखटासाठी संकेश्वरी, रंगासाठी ब्याडगी. लवंगी मिरची घालायची तर पाहुण्यांना आधी विचारावे.

जाळ हा यातला निम्मा स्वयंपाक आहे. उसाच्या पट्ट्यात चिपाड मुबलक, पण ते भसकन पेटते आणि राख होते, निखारा धरत नाही. त्याने चूल पेटवावी आणि वर बाभळीचे लाकूड किंवा नारळाच्या करवंट्या लावाव्यात. ज्वाला संपून निखाऱ्यावर राखेची पांढरी साय धरली की जाळी ठेवायची. तळहात वीतभर उंचीवर धरून तीन आकडे मोजता आले तर धग बरोबर. चरबी ठिबकून भडका उठला तर पाणी मारू नये. सळई बाजूला घ्यावी, भडका आपोआप बसतो. दर बाजूला दोन-तीन मिनिटे, चार बाजू, आणि मग पाच मिनिटे झाकून ठेवणे. कोल्हापुरी माणसाला आत गुलाबी चालत नाही आणि त्याने तसे ठेवूही नये. चरबी मध्ये असल्याने पूर्ण शिजूनही तुकडा ओलसर राहतो.

अनेक घरांत या पदार्थाची ओळख काळजापासून होते. रविवारी सकाळी मटणाची पिशवी आली की आई आधी काळीज बाजूला काढते. चुलीतले दोन इंगळ पुढे ओढून, मीठ-हळद चोळलेला काळजाचा तुकडा चिमट्याच्या टोकावर धरते. तो चुरचुरतो, कडा आत वळतात, वरून एक थेंब इंगळावर पडून धुराची बारीक रेघ उठते. ‘फुंकर मार, मग खा,’ एवढे ऐकेपर्यंत तो तोंडात गेलेला असतो. राखेचा एखादा कण लागतोच. गॅस आल्यावर हा घास बऱ्याच घरांतून गेला, आणि ही खरी हानी आहे.

दुसरे ठिकाण म्हणजे रस्सा मंडळ. तालमीतले, गल्लीतले दहा-पंधरा जण वर्गणी काढून कुणाच्या तरी शेतावर, विहिरीजवळ किंवा नदीकाठी जमतात. एक जण मसाल्याला, दोघे कांदा चिरायला, एक जाणता माणूस हंडीजवळ. मटणाचा दर हा इथे घरचा विषय असतो. २०१९ च्या अखेरीस वाढत्या दराविरुद्ध कोल्हापूरकर रस्त्यावर उतरले होते. रस्सा उकळायला तास-दीड तास जातो आणि त्या वेळात मोठ्या चुलीतून निखारे काढून शेजारी तीन दगडांवर जाळी मांडली जाते. ताट लागत नाही. भाकरीच्या चतकोरावर दोन तुकडे, बुक्कीने फोडलेला कांदा, लिंबाची फोड. जाळीजवळ बसलेल्याने स्वतः शेवटी खायचे, असा संकेत बहुतेक मंडळांत पाळला जातो.

जेवणे उरकेपर्यंत निखारे मंद झालेले असतात. त्यात सालीसकट कांदे पुरून ठेवतात. तासाभराने ते आतून मऊ, गोडसर होतात आणि सोलून दुसऱ्या दिवशीच्या शिळ्या रश्शाबरोबर खाल्ले जातात.