आयकॉन पुसल्याने गेम जात नाही

डेस्कटॉपवरचा आयकॉन डिलीट केला की गेमही जातो आणि जागा मोकळी होते, हा समज अनेक वर्षे घरोघरी टिकून आहे. तो चुकीचा आहे. विंडोजमधील तो आयकॉन म्हणजे मूळ फाइलचा पत्ता सांगणारी जेमतेम एक-दोन केबीची चिठ्ठी असते. दारावरची पाटी काढल्याने घर रिकामे होत नाही, तसेच ७० जीबीचा गेम डिस्कवर जिथल्या तिथे राहतो.

‘स्टीम’ या संगणकावरील गेम विकणाऱ्या ऑनलाइन दुकानातून घेतलेला गेम शोधायचा असल्यास स्टीमच्या लायब्ररीत त्याच्या नावावर राइट-क्लिक करून ‘मॅनेज’ आणि मग ‘ब्राउझ लोकल फाइल्स’ निवडावे. ‘स्टीमॲप्स’मधील ‘कॉमन’ या फोल्डरात त्याचा स्वतंत्र फोल्डर उघडतो. मात्र तो फोल्डर हाताने पुसू नये, कारण गेमची नोंद ठेवणारी छोटी फाइल ‘स्टीमॲप्स’मध्येच उरते आणि लायब्ररी तो गेम इन्स्टॉल असल्याचेच दाखवत राहते. ‘अनइन्स्टॉल’ हाच योग्य मार्ग आहे.

खेळातील प्रगतीच्या सेव्ह फाइल्स पुष्कळदा ‘डॉक्युमेंट्स’मध्ये किंवा लपवलेल्या ‘ॲपडेटा’ फोल्डरात असतात, आणि महिनोन्‌महिने खेळून मिळवलेले तेच असल्याने त्यांची प्रत आधी काढून ठेवावी, असे मी आग्रहाने सांगेन. केवळ जागेची अडचण असेल, तर स्टीमच्या लायब्ररीत गेमच्या नावावर राइट-क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’मधील ‘इन्स्टॉल्ड फाइल्स’मधून गेम दुसऱ्या ड्राइव्हवर हलवता येतो, पुन्हा डाउनलोड करावा लागत नाही.