उजव्या मनगटाची कंडरा, डाव्या कोपरात

१७ जुलै १९७४. बेसबॉलमधल्या लॉस एंजेलिस डॉजर्स संघाचा डावखुरा पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा खेळाडू, टॉमी जॉन भरात होता. बेसबॉलमध्ये सामन्याचा जय-पराजय पिचरच्या नावावर मांडतात; त्या हंगामात त्याच्या नावावर १३ विजय होते, पराभव फक्त ३. माँट्रियल एक्स्पोजविरुद्ध चेंडू टाकताना त्याच्या कोपरात काहीतरी निखळलं आणि त्याला मैदान सोडावं लागलं. कोपराच्या आतल्या बाजूचा अस्थिबंध, म्हणजे लिगामेंट, तुटला होता. तोवर या दुखापतीनंतर पिचरची कारकीर्द संपल्यातच जमा असे.

वेगवान चेंडू टाकताना खांदा सेकंदाला सुमारे ७,००० अंश इतक्या गतीने फिरतो आणि कोपराचा सांधा आतल्या बाजूने उघडू पाहतो. त्याच्यावर तेव्हा साधारण ६४ न्यूटन-मीटर पीळ पडतो. मृतदेहांच्या कोपरांवर केलेल्या चाचण्यांत मात्र हा अस्थिबंध ३२ च्या आसपासच तुटतो! उरलेला भार मनगटाकडे जाणारे स्नायू उचलतात. ते थकले की सगळं अस्थिबंधावर येतं. क्रिकेटमध्ये गोलंदाजाला कोपर १५ अंशांहून अधिक सरळ करायची मुभा नाही. तिथे वेगवान गोलंदाजाचं दुखणं कोपराचं नव्हे, बहुधा पाठीचं असतं.

डॉ. फ्रँक जोब यांनी २५ सप्टेंबरला शस्त्रक्रिया केली. यशाची शक्यता त्यांनी शंभरात एक सांगितली होती. त्यांनी जॉनच्या उजव्या हातातली एक बारीक कंडरा, म्हणजे स्नायूला हाडाशी जोडणारी दोरी, काढली, डाव्या कोपराच्या हाडांना भोकं पाडली आणि त्यांतून ती ओवून घेतली. अंगठा करंगळीला टेकवून मनगट किंचित वाकवा. मधोमध दोरीसारखी उठून दिसते तीच ही कंडरा. काहींना ती जन्मतःच नसते, आणि तिच्यावाचून त्यांचं काही अडत नाही. शरीररचनेतली ही उधळपट्टी मला फार मोलाची वाटते.

खरं काम पुढे शरीराने केलं. बसवलेल्या कंडरेला सुरुवातीला रक्तपुरवठा नसतो. तिच्यातल्या पेशी मरतात, कोलॅजेन या प्रथिनाचा सांगाडा उरतो. मग त्यात नव्या रक्तवाहिन्या शिरतात, नव्या पेशी येतात आणि महिनोन्‌महिने तंतूंची फेरबांधणी चालते. मध्येच मज्जातंतूच्या त्रासाने जॉनची बोटं आखडली, दुसरी शस्त्रक्रिया करावी लागली. १९७५ चा पूर्ण हंगाम गेला. १९७६ मध्ये तो परतला, १९७७ मध्ये त्याने २० विजय मिळवले आणि १९८९ मध्ये, ४६ व्या वर्षी, तो थांबला. कारकिर्दीतल्या २८८ विजयांपैकी १६४ शस्त्रक्रियेनंतरचे आहेत.

आज ही शस्त्रक्रिया त्याच्याच नावाने ओळखली जाते. तिने चेंडूचा वेग वाढतो, असा समज अमेरिकेतल्या तरुण खेळाडूंत आणि पालकांत पसरला आहे, आणि तो घातक आहे. नवी कंडरा तुटलेल्या अस्थिबंधाची जागा घेते, एवढंच. स्वतः जॉन कधीच फार वेगवान नव्हता. फलंदाजाजवळ येताना खाली बुडणारा सिंकर हे त्याचं हत्यार दुखापतीआधीही होतं आणि नंतरही.