नंबियार, सतीश

भारतीय लष्करातील निवृत्त लेफ्टनंट जनरल, पूर्वीच्या युगोस्लाव्हियातील संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेचे पहिले सेनापती आणि निवृत्तीनंतर परकीय हस्तक्षेपावर रोखठोक लिहिणारे भाष्यकार. गोमंतकीय वाचकाला त्यांची रेजिमेंट चांगली ठाऊक आहे. १९५७ साली ते मराठा लाइट इन्फंट्रीत अधिकारी झाले. चोर्ला घाट चढून गेले की बेळगावला या रेजिमेंटचे केंद्र लागते, आणि डिसेंबर १९६१ मध्ये फोंड्याच्या वाटेने गोव्यात उतरलेली २ पॅरा ही पलटणही मूळची मराठाच. नंबियार यांना १९७१ च्या युद्धातील कामगिरीबद्दल वीरचक्र मिळाले. पुढे ते लष्करी कारवायांचे महासंचालक झाले आणि त्या पदावरून मार्च १९९२ मध्ये बाल्कनात गेले.

सुरक्षा परिषदेने २१ फेब्रुवारी १९९२ रोजी ठराव ७४३ मंजूर करून हे संरक्षण दल उभारले होते. काम नेमून दिले होते क्रोएशियात: सर्ब वस्तीचे पट्टे ‘संरक्षित प्रदेश’ म्हणून हाती घ्यायचे, तिथली शस्त्रे खाली ठेवायला लावायची, युगोस्लाव्ह सैन्य माघारी जाते की नाही ते पाहायचे. मुख्यालय मात्र ठेवले शेजारच्या बोस्नियात, सारायेव्होला. ते शहर क्रोएट-सर्ब भांडणापासून अलिप्त राहील, हा भरवसा होता. एप्रिलमध्ये बोस्नियातच युद्ध पेटले. मे महिन्यात मुख्यालयाचा मोठा भाग तिथून बेलग्रेडला हलवावा लागला. सेनापतीच्या हाती होते ते दुसऱ्याच कामासाठी मंजूर झालेले सैनिक, हलकी शस्त्रे आणि लढणाऱ्यांच्या संमतीवर चालणारा अधिकार.

जूनअखेर सारायेव्होचा विमानतळ शांतिसेनेच्या ताब्यात आला आणि बोस्नियातील सर्बांनी वेढलेल्या शहराला विमानाने धान्य-औषधे पोचू लागली. हे या वर्षातले मोठे काम. पण त्याची किंमतही समजून घ्यायला हवी. विमानतळ मिळाला होता सर्बांशी झालेल्या करारावर, आणि त्याचा वापर फक्त मदतीसाठी व्हायचा होता. त्यामुळे रात्री धावपट्टी ओलांडून शहराबाहेर पळू पाहणाऱ्या माणसांना दिव्यांच्या झोतात अडवून परत वेढ्यात सोडण्याची पाळी शांतिसेनेच्या निळ्या टोपीच्या सैनिकांवर आली. ८ जानेवारी १९९३ रोजी याच विमानतळावरून शहराकडे परतताना बोस्नियाचे उपपंतप्रधान हाकिया तुरायलिच यांची चिलखती गाडी सर्बांनी अडवली. गाडी संयुक्त राष्ट्रांची, पहारा फ्रेंच सैनिकांचा. दार उघडले गेले आणि एका सर्ब सैनिकाने आत बसलेल्या तुरायलिच यांना गोळ्या घातल्या. संमतीवर उभी असलेली शांतिसेना किती उघडी असते, हे या एका दारात दिसते. मार्च १९९३ मध्ये मुदत संपली तेव्हा नंबियार यांनी मुदतवाढ घेतली नाही. ते भारतात परतले आणि १९९४ मध्ये लष्कराचे उपप्रमुख असताना निवृत्त झाले.

१९९६ ते २००८ या काळात ते दिल्लीच्या युनायटेड सर्व्हिस इन्स्टिट्यूशन या लष्करी अभ्याससंस्थेचे संचालक होते. एप्रिल १९९९ मध्ये, कोसोव्हो प्रांताच्या प्रश्नावरून नाटो या पाश्चात्त्य लष्करी आघाडीचा युगोस्लाव्हियावरील बॉम्बहल्ला चालू असताना, त्यांनी लिहिलेला लेख जगभर वाचला गेला. युगोस्लाव्हिया फुटत असताना पाश्चात्त्य राष्ट्रांनी तुकड्यांना मान्यता देण्याची घाई केली. सर्ब तेवढे दुष्ट आणि बाकी सारे सज्जन, हे चित्र खोटे आहे. सुरक्षा परिषदेला डावलून केलेला हल्ला संयुक्त राष्ट्रांच्या सनदेचा भंग आहे, हे त्याचे सार. प्रत्यक्ष तिथे राहिलेल्या सेनापतीने प्रचाराच्या लोंढ्याविरुद्ध हे लिहिले, म्हणून त्याला मोल आहे. त्यातला एक दावा मात्र स्वीकारता येत नाही. सर्व बाजूंनी झालेल्या कत्तलींपलीकडे वंशसंहार आपण पाहिला नाही, असे सांगून ते थांबले नाहीत. आपल्यानंतरच्या सेनापतींनीही तो पाहिला नसावा, असे त्यांनी सुचवले. जुलै १९९५ मध्ये स्रेब्रेनित्सा येथे आठ हजारांच्या आसपास पुरुष व मुलगे मारले गेले, आणि आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणाने त्याला वंशसंहारच ठरवले.

सनदेचा मुद्दा गोव्यात वाचताना जास्त बोचतो, कारण तोच मुद्दा एकदा भारतावर रोखला गेला होता. १८ डिसेंबर १९६१ च्या संध्याकाळी भारतीय सैनिक बेतीला पोचून मांडवीपलीकडची पणजी पाहत होते. त्याच दिवशी सुरक्षा परिषदेत पोर्तुगालची तक्रार सुनावणीला आली. भारताने माघार घ्यावी, या अर्थाच्या ठरावाला ११ पैकी ७ मते पडली आणि सोव्हिएत नकाराधिकाराने तो बाद झाला. त्याच महिन्यात भारताची ब्रिगेड कांगोत संयुक्त राष्ट्रांच्याच झेंड्याखाली लढत होती. कॅप्टन गुरबचन सिंग सलारिया ५ डिसेंबरला तिथे धारातीर्थी पडले. भारताचे प्रतिनिधी सी. एस. झा यांची बाजू अशी होती, की गोवा ही वसाहत आहे, तिथे पोर्तुगालचे सार्वभौमत्व मानायचेच कारण नाही. आमसभेने डिसेंबर १९६० मध्ये ठराव १५४२ करून गोव्याला स्वशासन नसलेला प्रदेश म्हटले होतेच. कोसोव्हो ही नाटोतील कोणत्याही देशाची भूमी नव्हती. म्हणून गोव्याची कारवाई बरोबर आणि नाटोची चूक मानण्यात विसंगती नाही, असे या नोंदकाराचे मत आहे; मात्र हा फरक मांडावा लागतो, आपोआप सिद्ध होत नाही.

संयुक्त राष्ट्रांचे तेव्हाचे सरचिटणीस कोफी अन्नान यांनी जागतिक सुरक्षेपुढील धोक्यांचा विचार करण्यासाठी २००३ मध्ये नेमलेल्या १६ जणांच्या उच्चस्तरीय गटात नंबियार होते. डिसेंबर २००४ च्या त्या गटाच्या अहवालाने, एखादे सरकार आपल्याच लोकांचा संहार करत असेल तर बाहेरून बळ वापरण्याचे तत्त्व मान्य केले, पण परवानगीचा अधिकार सुरक्षा परिषदेकडेच ठेवला. सनदेतील स्वसंरक्षणाचे कलम ५१ बदलू नये, असेही त्यात म्हटले आहे. २००९ मध्ये नंबियार यांना पद्मभूषण देण्यात आले.